सरकीची नखं, आणि मांजराच्या पिल्लाची नखं घरी कापायचा आमचा सगळा खटाटोप

आधीच सांगते, नख कापायला वेळ लागतच नाही, एका नखाला एक सेकंद पण नाही, सगळा वेळ जातो तो पिल्लाने आपल्याला पंजा हातात धरू देण्यात. त्यामुळे ज्यांना फक्त नेलकटर कुठला घ्यायचा एवढंच पाहिजे त्यांच्यासाठी ते पण पुढे लिहिलंय, पण खरं काम दुसरंच आहे आणि ते नेलकटर हातात घ्यायच्या बरंच आधी सुरू होतं.

आमची सरकी म्हणजे आमची मांजर, ती कापसाच्या जिनिंगमधून आली. मिस्टर दोंडाईचाकडे एका जिनिंगला हिशोबाला आहेत, सीझनला तिथे कपाशीचे ट्रॅक्टर रांगेने उभे असतात, मशीनमधून रुई एकीकडे जाते, सरकी म्हणजे कापसाचं बी एकीकडे पडतं, आणि त्या सरकीच्या ढिगामागे कुठल्या तरी मांजरीने पिल्लं घातलेली. आई एकेक करून पिल्लं उचलून घेऊन गेली आणि हे एक राहिलं, कामगारांनी बरीच वाट बघितली की येईल येईल, ती काही आली नाही, मग हे महाशय डब्याच्या पिशवीत घालून घरी घेऊन आले. पांढरी शुभ्र, पाठीवर एक करडा डाग, नाव दुसरं काय ठेवणार. आम्ही राहतो धुळ्याला देवपूरमध्ये, दुसऱ्या मजल्यावर, खाली गल्लीत कुत्र्यांची टोळी, म्हणून सरकी पहिल्यापासून घरातच. हे घरात राहणं लक्षात ठेवा, नखं कापायची का नाही हे त्याच्यावरच ठरतं, त्याच्यावर नंतर बोलते.

आली तेव्हा एवढीशी होती की नखं आत घेणंच तिला जमायचं नाही. अगदी लहान पिल्लांना ते येतच नाही, महिन्याभराची होईपर्यंत नखं बाहेरच राहतात, त्यामुळे ती गोधडीवर चालली की गोधडीसकट चालायची, मच्छरदाणीला लटकायची आणि मग सोडवा म्हणून ओरडायची. नंतर नखं आत-बाहेर करायला शिकली पण तोपर्यंत पायावर चढायची सवय लागली. आणि पाय कुणाचे, तर नानांचे. नाना म्हणजे माझे सासरे, सकाळी पेपर घेऊन खुर्चीत बसले की ही पायजम्यावरून सरळ मांडीपर्यंत, नडगीवर बारीक बारीक ओरखडे. आता नानांना शुगर आहे, त्यांच्या डॉक्टरांनी बजावून ठेवलंय की पायाला साधं खरचटलं तरी दाखवा, आणि नाना आपले "माले काही व्हत नही" म्हणून पायजमा खाली ओढून घ्यायचे. मग घरात दोनच पर्याय उरले, एक तर सरकी परत जिनिंगला नाहीतर तिच्या नखांचा बंदोबस्त.

मी नखं कापायचं म्हटल्यावर सासूबाई भाजी निवडत होत्या, त्यांनी हातातली मेथी खाली ठेवली. "मांजरना नखे कापस का कोनी? येडी व्हयनी का तू?" आणि मग जरा थांबून, "आते तिले न्हावीकडे लई जाशी का?" त्यांचं पण बरोबर आहे म्हणा, त्यांच्या माहेरी शिंदखेड्याकडे शेतात पाच-सहा मांजरी कायम, कुणी कधी नखाला हात लावला नाही. शेजारच्या वहिनींचं वेगळंच, त्यांनी कुठल्या तरी व्हिडिओत पाहिलेलं की ऑपरेशन करून नखं कायमची काढून टाकतात, एकदाच काय ते पैसे द्या आणि मोकळे व्हा. मला तेव्हाच ते कसंतरी वाटलं पण म्हटलं डॉक्टरांना विचारू.

डॉक्टर म्हणजे आपला गुरांचा दवाखाना. तिथे रांगेत माझ्यापुढे शेळ्या, एक गाय, मागे एक बैल आणि मी प्लास्टिकची भाजीची बास्केट घेऊन, वर ओढणी बांधलेली, आतून म्याव. लोक बास्केटीत डोकावून बघायचे. पण डॉक्टर चांगले होते, त्यांनी घाई केली नाही. ऑपरेशनचं विचारलं तर त्यांनी स्वतःचं बोट पुढे केलं आणि पहिल्या पेराला दुसऱ्या हाताने कापल्याची खूण केली. म्हणाले ताई, मांजराचं नख बोटाच्या शेवटच्या हाडातून वाढतं, नुसतं नख काढून उपयोग नाही, ते हाडच कापावं लागतं, दहाच्या दहा बोटांची पेरं तोडल्यावर माणूस कसा चालेल तसं ते जनावर चालतं. युरोपात बऱ्याच देशांत यावर बंदी आहे, अमेरिकेत न्यूयॉर्क राज्याने २०१९ मध्ये बंदी घातली. त्यामुळे कुणी सुचवलं तर सरळ नाही म्हणा, विषय तिथेच संपवा.

मग त्यांनी सरकीचा पुढचा पंजा घेतला आणि दाखवलं. पंजाच्या खाली गादी असते ना, बोटाची छोटी गादी, त्याच्यावर खालून बोट आणि वरून अंगठा ठेवून अलगद दाबलं की नख आपोआप बाहेर येतं. दाबायचं म्हणजे खरंच अलगद, पिकलेला आंबा बघताना पण आपण यापेक्षा जास्त दाबतो. बाहेर आलेलं नख उजेडात धरलं तर टोकाकडे पांढरं पारदर्शक दिसतं आणि मुळाकडे गुलाबी. त्या गुलाबी भागात रक्त असतं, शिरा असतात, तिथे लागलं की रक्त येतं आणि दुखतं पण खूप. आपण कापायचं ते फक्त टोकाचा आकडा, एक ते दोन मिलिमीटर, गुलाबीपासून लांब. सरकी पांढरी असल्यामुळे आणि पिल्लू असल्यामुळे ते गुलाबी एकदम स्वच्छ दिसत होतं. डॉक्टरांनी दोनच नखं कापली, टच टच, आणि पंजा सोडून दिला. मी म्हटलं बाकीची? म्हणाले बाकीची तुम्ही घरी, पण आज नाही, उद्या नाही, आधी आठवडाभर तर नेलकटर हातात पण घेऊ नका, नुसता पंजा धरा.

नखं किती असतात हे मला तोपर्यंत माहीत नव्हतं. पुढच्या पायांना पाच-पाच, मागच्यांना चार-चार, एकूण १८. काही मांजरांना जास्त बोटं असतात ती गोष्ट वेगळी. पुढचं पाचवं नख म्हणजे आतल्या बाजूला जरा वर असतं, अंगठा म्हणा, ते जमिनीला टेकतच नाही म्हणून झिजत नाही, आणि नेमकं तेच लोक विसरतात, मग ते गोल वळत वळत गादीत घुसतं. म्हाताऱ्या मांजरांचं तर हमखास. त्यामुळे बाकी काही राहिलं तरी चालेल, तो अंगठा सोडायचा नाही.

तर पंजा धरायची प्रॅक्टिस. ही कधी करायची हे फार महत्त्वाचं आहे, पिल्लू खेळून, खाऊन, पेंगायला लागलं की. भर खेळात धरलात तर त्याला वाटतं हा पण खेळच, चावतं. आमच्याकडे तो टाईम दुपारचा, बाहेर बेचाळीस-त्रेचाळीस डिग्री, सगळं धुळे झोपलेलं, सरकी कूलरसमोर फरशीवर आडवी. मी शेजारी बसून आधी पाठ, मग खांदा, मग हात खाली सरकवत पंजा, एक क्षण धरला की सोडला आणि लगेच खाऊ. पुन्हा. पहिले काही दिवस तर एवढंच, नख बाहेर काढायचं नावच नाही. नंतर एक बोट दाबायचं, नख दिसलं, सोडलं, खाऊ. तिने पंजा ओढून घेतला तर मी ओढाताण करायची नाही, जाऊ द्यायचं, थोड्या वेळाने परत. माझ्या मुलीला हे काम फार आवडलं, ती येता-जाता सरकीशी शेकहँड करायला लागली आणि खरं सांगायचं तर अर्धी सवय तिनेच लावली.

खाऊची आमच्याकडे वेगळीच भानगड. नानांच्या गळ्यात माळ आहे, घरात अंडं पण येत नाही, आणि मांजर तर पक्कं मांसाहारी जनावर, दूधभातावर त्याचं भागत नाही. सगळे सांगत होते उकडलेलं चिकन द्या, मीठ-मसाला न घालता, ते काही आमच्या गॅसवर शिजणार नव्हतं. शेवटी पेट शॉपमधून ती चाटायची क्रीमवाली पाकिटं आणली, बोटावर थेंब घेऊन द्यायचं, वास पण फारसा येत नाही, आणि नाना त्यात काय आहे हे कधी विचारत नाहीत, आम्ही पण सांगत नाही. एक मात्र, घरातलं जेवण तिच्या तोंडी लागू देऊ नका, कांदा-लसूण मांजराला विषारी आहे, आणि आपल्याकडे भरीत म्हणा शेवभाजी म्हणा, लसणाशिवाय काय असतं.

आता शेवया. नेलकटरचा जो टच आवाज होतो ना, त्यालाच बरीच पिल्लं दचकतात, दुखत काही नसतं. मी वाचलेलं की परदेशात लोक कच्ची स्पॅगेटी पिल्लाजवळ नेलकटरने तोडतात, तसाच आवाज येतो, तोडली की खाऊ द्यायचा, म्हणजे आवाज आणि खाऊ यांचं नातं जुळतं. स्पॅगेटी आमच्याकडे कुठून, पण उन्हाळ्यात सासूबाईंनी गच्चीवर वाळवून भरून ठेवलेल्या शेवयांचा डबा होता. त्यातल्या जाड्या जाड्या बघून मी मूठभर काढल्या आणि सरकीच्या पंजाशेजारी बसून टच, खाऊ, टच, खाऊ. सासूबाई आतून आल्या, बघतच राहिल्या. "मन्ह्या शेवाया मांजरकरता शेतस का?" मी काय बोलणार, हसले. पण आयडिया शंभर टक्के चालली, दोन-चार दिवसांत आवाज झाला की सरकी उलट माझ्याच बोटाकडे बघायला लागली, खाऊ कुठाय म्हणून.

नेलकटरचं सांगते. पिल्लासाठी आपलं माणसांचं छोटं नेलकटर चालतं, लहान बाळांचं मिळतं ते तर अजून चांगलं, फक्त नवीन घ्या आणि तिचं वेगळं ठेवा, कारण धार पाहिजे. बोथट नेलकटर नख कापत नाही, चेंगरतं, मग ते उभं फाटतं. मांजराचं नख दोन्ही बाजूंनी चपटं असतं, त्यामुळे नेलकटर असं धरायचं की त्याची पाती वरून-खाली बसतील, बाजूंनी दाबून कापलं तर चिरतं. मला माणसांच्या नेलकटरने हा अँगल धरायला अवघड जायचं, मनगट वाकडं करावं लागतं, म्हणून मी ऑनलाईन ती मांजरांची छोटी कात्री घेतली, पात्यांना आतून अर्धगोल खाच असते, नख त्या खाचेत बसतं, घसरत नाही. गोल भोकात नख घालून वरून दाबायचं असं पण एक मिळतं, ते मोठ्या कुत्र्यांना ठीक असेल, पिल्लाच्या एवढ्याशा नखाला मला तरी नको वाटलं, किती आत गेलं ते नीट दिसत नाही.

पहिल्यांदा कापलं तो दिवस म्हणजे काही फार मोठा प्रसंग झाला नाही, आणि तो होऊ नये हेच बरोबर. सकाळची वेळ, गॅलरीकडून ऊन येतं तिथे मी पाटावर बसले, सरकीला मांडीत घेतलं पण तिचं तोंड माझ्याकडे नाही, पुढे, पाठ माझ्या पोटाला टेकलेली. उताणं कधीच करू नका, मांजर उताणं केलं की चारही पाय लढायला तयार होतात. समोर मुलगी बोटावर क्रीम घेऊन. मी डाव्या हाताने पंजा, बोट दाबलं, नख बाहेर, गुलाबी कुठे संपतं ते बघितलं, कात्री आकड्याच्या टोकावर, टच. ती चाटतच राहिली. दुसरं, टच. तिसऱ्याला शेपटीचं टोक फरशीवर आपटायला लागली. तिथे मी थांबले. मुलगी म्हणते मम्मी अजून आहेत की, नाना पेपरच्या मागून म्हणाले "आते सोड तिले", आणि सोडलं. उरलेली नखं दुसऱ्या दिवशी, त्याच्यानंतरची अजून नंतर.

हे थांबणं म्हणजे माझ्या मते सगळ्यात मोठी गोष्ट आहे. आपल्याला काम हातात घेतलं की संपवायची सवय, एकदा बसलोय तर अठराच्या अठरा उरकून टाकू, आणि तिथेच गडबड होते, शेवटच्या चार नखांपायी पिल्लू कायमचं बिथरतं आणि पुढच्या वेळी कात्री बघितली की पलंगाखाली. शेपटी आपटणं, कान मागे जाणं, पाठीची कातडी थरथरणं, गुरगुर अचानक बंद होणं, यातलं काही दिसलं की आजचं झालं समजायचं. एक नख कापून झालं तर एक नख. कुठे परीक्षा आहे का.

बरेच जण टॉवेलमध्ये गुंडाळून एकेक पाय बाहेर काढून कापतात, काही पिल्लांना ते आवडतं पण, सुरक्षित वाटतं. सरकीला नाही आवडलं, ती टॉवेलमधून अशी काही सटकली की विचारू नका, परत तो टॉवेल तिच्यासमोर आणला नाही. मानेची कातडी धरून उचलायचं ते मात्र कुणाचंच करू नका. लोक म्हणतात तिची आई पण तसंच धरते, पण आई फक्त पहिल्या काही आठवड्यांत धरते आणि जागा बदलण्यापुरतं, डॉक्टर लोक पण आता तसं धरू नका असंच सांगतात, पिल्लू शांत दिसतं ते घाबरून गोठलेलं असतं. आणि धरणाऱ्याने घट्ट धरायचं नाही, आमच्या मिस्टरांना एकदा मदतीला बसवलं तर ते जिनिंगमध्ये रुईच्या गाठी मोजायला बसल्यासारखे गंभीर होऊन तिला दोन्ही हातांनी दाबून बसले, तिला दाबलेलं अजिबात खपत नाही, त्यांना त्या दिवसापासून फक्त मोबाईलचा टॉर्च धरायचं काम. टॉर्चचा खरंच उपयोग होतो, नखाच्या मागून धरला की गुलाबी भाग लख्ख दिसतो, ढगाळ दिवस असेल तर बघा करून.

रक्त आलं तर काय, हे आधी तयार ठेवायचं, आल्यावर शोधायचं नाही. पेट शॉपमध्ये रक्त थांबवायची पावडर मिळते, ती नसेल तर कॉर्नफ्लोअर, ते पण नसेल तर साधं पीठ, वाटीत काढून शेजारी ठेवायचं. लागलंच तर नखाचं टोक त्यात बुडवायचं आणि स्वच्छ कापडाने दोन-चार मिनिटं दाबून धरायचं, सारखं उचलून बघायचं नाही. दहा-पंधरा मिनिटांनी पण थांबलं नाही तर डॉक्टर. आमच्याकडे वाटी दरवेळी ठेवतो आणि दरवेळी परत डब्यात ओततो, अजून तरी वेळ आली नाही, पण ठेवतो. डेटॉल-फिनेल मात्र मांजराच्या जवळ आणायचं नाही, जखमेवर नाही आणि फरशीवर पण जपून, ते त्यांच्या शरीराला पचत नाही आणि ती अंग चाटतात म्हणजे सरळ पोटात. आणि दुखतंय बिचारीला म्हणून क्रोसिनचा तुकडा वगैरे तर स्वप्नात पण नको, पॅरासिटामॉलने मांजर मरतं. हे मी ठळक अक्षरात लिहिलं असतं जर येत असतं तर.

आणि आपल्याला ओरखडा बसला तर. हे बरेच लोक हसण्यावारी नेतात. नणंदेचा मुलगा सुट्टीत आलेला, सरकीशी खेळताना मनगटावर चांगला ओरखडा, रक्त आलं. सरकीची रेबीजची लस तेव्हा व्हायची होती, ती तीन महिन्यांच्या आसपास देतात. सासूबाई लगेच हळद-चुना घेऊन आल्या, मी म्हटलं आई थांबा, नळाखाली हात धरला आणि साबण लावून पंधरा मिनिटं धुतला, पोरगं कंटाळलं पण सोडलं नाही. चुना, मिरची, तेल असलं काही जखमेत भरायचं नाही. मग सिव्हिलला नेलं, सरकारी दवाखान्यात ही लस फुकट असते, कातडीत देतात त्याचं वेळापत्रक ०, ३, ७ आणि २८ व्या दिवशी. नणंद म्हणत होती घरचंच मांजर आहे, एवढं काय. पण घरचं असलं तरी लस झालेली नाही आणि ते आलंय कुठून तर जिनिंगमधून, आईला कुठलं कुत्रं चावलं होतं का कुणाला माहीत. रेबीज झाल्यावर उपाय नाही, त्यामुळे यात मी कुणाचं ऐकत नाही. सरकीची लस नंतर वेळेवर झाली. पिसवा असतील तर त्या पण घालवायला पाहिजेत, मांजराच्या ओरखड्यातून एक वेगळा ताप येतो गाठी सुजतात, तो पिसवांच्या घाणीतून नखात येतो.

नखं कापली म्हणून ओरबाडणं थांबत नाही हे पण सांगते, नाहीतर लोक म्हणतील एवढं करून सोफा गेलाच. ओरबाडणं म्हणजे त्यांचा व्यायाम, त्यांची सही, पंजात वासाच्या ग्रंथी असतात तो वास लावून ठेवायचा असतो, आणि नखाचं वरचं जुनं टरफल काढून टाकायचं असतं. ते टरफल एकदा सासूबाईंना गोधडीत सापडलं, पूर्ण नखाच्या आकाराचं पोकळ, त्या घाबरल्या, "दख, दख, नख तुटी गयं व!" मी सरकीचा पंजा दाबून दाखवला, नख जागेवर, आधीपेक्षा टोकदार. तेव्हापासून त्यांना पण नख बाहेर काढायला येतं, कापत नाहीत पण बघतात रोज.

ओरबाडायला आम्ही विकतचं काही आणलं नाही. गावाकडून एका मोडक्या बाजेचा पाय आणला, जाडजूड बाभळीचा, खाली फळी ठोकली, त्याला खालपासून वरपर्यंत सुतळी घट्ट गुंडाळली, एक वेढा दुसऱ्याला चिकटून. हलायला नको ही मुख्य अट, एकदा हललं किंवा पडलं की मांजर परत त्याच्याकडे फिरकत नाही. आणि उंच पाहिजे, ती मागच्या पायावर उभी राहून पूर्ण ताणली जाईल एवढं. आडवं ओरबाडायला ढेपेचं रिकामं पोतं, तागाचं. सरकीला ढेपेचं पोतं इतकं आवडलं की खांब बिचारा बरेच दिवस तसाच उभा होता, मग तो तिच्या झोपायच्या जागेशेजारी सरकवला तर तिथे लागली, झोपून उठलं की पहिलं तेच करतात ना ताणून.

आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, शिंदखेड्याला गेलो तेव्हा सरकीला पण नेलं, घरी ठेवणार कुणाकडे. तिथे वाड्यात झोके बांधलेले, पोरीबाळी, गौराईची गाणी, आणि सगळ्या मामेसासवांना आमच्या नखं कापलेल्या मांजरीची हवा आधीच लागलेली. एकीने विचारलं आमच्या बोक्यांची पण कापून दे. मी नाही म्हटलं. कारण तो बोका दिवसभर शेतात, कुत्रं मागे लागलं की निंबावर चढतो, ती नखंच त्याचा जीव वाचवतात, उंदीर पण त्याच्यावरच. आणि बाहेर फिरणाऱ्याची नखं झिजतात पण. घरात राहणाऱ्या मांजराचीच कापायची, ती पण फक्त टोकं. सरकीला त्या दिवसांत आम्ही आतल्या खोलीतच ठेवलं, दार लावून, कारण ती बाहेर पडली असती तर झाडावर चढायला तिला त्या बोक्याइतकं जमलं नसतं.

आता साधारण दहा-पंधरा दिवसांनी कापतो, पुढची. मागची नखं तेवढी धारदार नसतात आणि मागचे पाय धरलेले तिला अजून आवडत नाहीत, तिकडे मी दोन-तीन आठवड्यांनी बघते, जमलं तर एखादं. वाढतात किती ते पिल्लावर पण आहे, लहानपणी भराभर वाढतात. गोधडीत अडकायला लागली की समजायचं वेळ झाली.

परवा शेजारच्या वहिनी, त्या ऑपरेशनवाल्या, त्यांच्या भावाचा मोठा बोका घेऊन आल्या, चार वर्षांचा, कधी पंजाला हात लावलेला नाही, अंगठ्याचं नख वळून गादीला टेकलेलं. म्हणे तुला येतं ना, कापून दे. मी हात जोडले. मोठं सवय नसलेलं जनावर आणि नख गादीत घुसायला आलेलं, ते घरी करायचं कामच नाही, डॉक्टरांकडे न्या, ते गरज पडली तर भूल देऊन काढतील, मग घरी आल्यावर पंजा धरायची सवय पहिल्यापासून लावा, मोठ्यांना पण लागते, वेळ जास्त लागतो एवढंच. त्या त्याला गोणीत घालून न्यायला निघाल्या होत्या, म्हटलं अहो तो गुदमरेल, ही माझी बास्केट घेऊन जा. नख काढून झालं, बोका बरा आहे असा निरोप आला. बास्केट अजून आलेली नाही.